मुलीकडच्यांना कोणता सिनेमा दाखवू?

ताई,

मी मूळचा जयसिंगपूरचा, वय ३२. कोल्हापुरात कॉलेजात असताना एकांकिकांमध्ये बक्षिसं मिळाली आणि त्याच हवेत मुंबईला आलो. गोरेगावला तिघांत एक खोली आहे. आजवर सहा सिनेमे केले, सहाही भुताचे. चारांत भूत मीच, एकात पहिल्या दहा मिनिटांत भूत ज्याला मारतं तो वॉचमन, एकात मांत्रिकाचा चेला. थिएटरला एकही लागला नाही, सगळे यूट्यूबवर पडलेत, माझं नाव कुठेच नाही. दिवसा मालाडला औषधांच्या घाऊक दुकानात बिलिंग बघतो. सिनेमाच्या लाइनमधल्या कुणाला हे सांगत नाही.

आता एक निर्माता तीन सिनेमे एकदम देतोय. तिन्हीत भूत मी, मिळून दोन लाख. दोन वर्षं दुसऱ्या कुणाचा भुताचा सिनेमा करायचा नाही. टायटलमध्ये नाव येणार नाही, म्हणे सस्पेन्स जातो. माझे नाटकाचे सर म्हणतात, हा अभिनय नव्हे, हमाली आहे. मागच्या महिन्यात मुलगी बघायला गेलो. तिच्या काकांनी विचारलं, तुमचा कोणता सिनेमा बघू? मी म्हणालो, अजून रिलीज व्हायचाय. परतीच्या वाटेवर वडील गाडीत एक शब्द बोलले नाहीत. चिकटवायच्या गोंदानं मानेवर पुरळ येतं ते वेगळंच. करू की सोडू?

– रात्रपाळीवाला, गोरेगाव

---

पहिला सिनेमा घे. तीनचं गाठोडं घेऊ नकोस. आणि टायटलमध्ये नाव येणार नसेल तर पहिलाही घेऊ नकोस. तुझ्या 'करू की सोडू'चं उत्तर इथेच संपलं, पण पत्रात त्याखेरीज बरंच काही आहे आणि मला वाटतं तुला खरं ते टोचतंय.

आधी काकांचं बघू. त्या माणसानं साधा प्रश्न विचारला. मुलगा सिनेमात आहे म्हटल्यावर कुणीही तेच विचारणार. तू थाप मारलीस, आणि तीही अशी की उघडी पडायला वेळ लागत नाही. हल्ली पत्रिका जुळवायच्या आधी मुलाचं नाव मोबाइलवर शोधतात. आता गंमत बघ. त्यांनी तुझं नाव टाकलं असतं तरी त्यांना तू सापडला नसतास. सिनेमे आहेत, त्यात तू आहेस, पण तुझं नाव कुठेच नाही. तुझ्या पत्रातली लाज मी दोनदा वाचून पाहिली. भूत झाल्याची लाज मला त्यात कुठे दिसली नाही. दहा वर्षं राबून बोट ठेवून दाखवायला एक ओळ नाही, ते तुला खातंय.

पुढच्या वेळी सरळ सांग. 'सहा केले, सगळे भुताचे. त्यातला हा बघा, इतक्याव्या मिनिटाला विहिरीतून वर येतो तो मी.' सहांतला सगळ्यात बरा कोणता ते आधी ठरवून ठेव आणि लिंक फोनमध्ये तयार ठेव. लोक हसतील. हसू दे, हसलेला माणूस पुढचा प्रश्न विचारतो. आणि औषधांच्या दुकानातली नोकरी लपवू नकोस रे बाबा. मुलीच्या आईला सगळ्यात जास्त हायसं त्याच वाक्यानं वाटणार आहे.

वडिलांचा अबोला मोडायलाही एक वाट आहे. त्यांना विचार, 'पुराना मंदिर'मधला सामरी आठवतो का. १९८४ साली रॅमसे बंधूंचा तो सिनेमा तुफान चालला होता आणि तुझ्या वडिलांच्या वयाच्या माणसांना तो लाल डोळ्यांचा, केस मोकळे सोडलेला राक्षस नक्की ठाऊक असतो. मग विचार, त्याचं काम कुणी केलं होतं. इथे बहुतेक जण गप्प होतात.

त्याचं नाव अनिरुद्ध अगरवाल. डेहराडूनचा माणूस, रुरकीला सिव्हिल इंजिनिअरिंग शिकलेला. ज्या संस्थेला आज आपण आयआयटी म्हणून हात जोडतो तीच. सव्वासहा फुटांच्या वर उंची, लांबट हाडं, खोल गेलेले डोळे. मेकअपचं निम्मं काम आईवडिलांनीच करून ठेवलेलं. 'पुराना मंदिर' चालला म्हणून पुढच्याच वर्षी 'सामरी' आला, १९९० मध्ये 'बंद दरवाजा'त तो नेवला झाला, नंतर रॅमसेंच्याच झी हॉरर शोमध्ये दिसला. आणि हे नीट वाच: शेखर कपूरच्या 'बँडिट क्वीन'मधला बाबू गुज्जर तोच. त्या सिनेमात त्याच्या चेहऱ्यावर राक्षसाचा काहीही सरंजाम नाही आणि तरी तो पडद्यावर आला की अंगावर काटा येतो. त्याच वर्षी, १९९४ मध्ये, डिस्नेच्या 'जंगल बुक'मध्येही तो होता. पुढे कामं कमी होत गेली आणि तो आपल्या बांधकामाच्या व्यवसायात रमला.

मला या कारकिर्दीतल्या दोन गोष्टी तुझ्यापुढे ठेवायच्यात. पहिली, त्याच्या हाताला दुसरा धंदा होता. भुतानं पोट भरावं अशी सक्ती त्यानं भुतावर केली नाही. 'स्त्री २'मधला सरकटा आठव. ते धड सुनील कुमारचं, जम्मूचा पोलीस शिपाई, साडेसात फुटांच्या आसपास उंची. २०२४ मधल्या सगळ्यात मोठ्या हिंदी सिनेमांपैकी एकातलं भूत हा नोकरीवाला माणूस आहे. तेव्हा मालाडच्या त्या बिलबुकाला चोरासारखं वागवू नकोस. ते आहे म्हणूनच तुला निर्मात्यासमोर 'नाही' म्हणता येणार आहे.

दुसरी गोष्ट कडू आहे. अगरवालचं नाव टायटलमध्ये कुठे अजय आहे, कुठे अनिरुद्ध. लोकांच्या डोक्यात सामरी बसला, बॅनर बसलं, माणूस बसला नाही. हे कसं होतं ते समजून घे, कारण तुझ्या कागदावर नेमकं तेच लिहिलंय.

रॅमसेंचं तंत्रच बघ. 'दो गज जमीन के नीचे' हा १९७२ चा सिनेमा त्यांनी महाबळेश्वरला उरकला. सगळं खानदान गाडीत घालून नेलं, उतरायला सरकारी विश्रामगृह, शूटिंगही तिथेच आसपास. सात भाऊ: कुमार लिहिणार, तुलसी आणि श्याम दिग्दर्शन करणार, गंगूच्या हातात कॅमेरा, किरणकडे आवाज, अर्जुनकडे संकलन, केशूकडे निर्मितीची धावपळ. घरातल्या बायका स्वयंपाकाला. साडेतीन लाखांत सिनेमा झाला असं ते सांगत. मला या माणसांचं कौतुक आहे, उगाच नाक मुरडणाऱ्यांतली मी नाही. सेट लावायला पैसे नाहीत म्हणून खरा वाडा, खरं धुकं, खरा पाऊस वापरायचा, ही अक्कल आजच्या किती जणांना आहे? पण या हिशेबात मोठा नट बसतच नाही. तिकीट विकतं ते बॅनर आणि भूत. भुताच्या आत कोण आहे हे जितकं कमी लोकांना माहीत, तितका तो आतला माणूस बदलायला सोपा. दुसऱ्या भागात तू पैसे वाढवून मागितलेस तर तोच मुखवटा, तोच झगा, आत दुसरा पोरगा. प्रेक्षकाला पत्ता लागत नाही.

तुझ्या निर्मात्याचा 'सस्पेन्स' हा असा आहे.

आणि त्याला खरोखरच सस्पेन्स हवा असेल तर त्याचीही सोय १९३१ सालीच झालेली आहे. हॉलिवूडचा 'फ्रँकेन्स्टाइन' सुरू होतो तेव्हा नामावलीत राक्षसाच्या पुढे नुसतं प्रश्नचिन्ह आहे. सिनेमा संपतो तेव्हा मात्र नाव येतं: बोरिस कार्लॉफ. झाला की नाही सस्पेन्स? निर्मात्याला सांग, सुरुवातीला प्रश्नचिन्ह टाका, शेवटी माझं नाव, पूर्ण, नाव आणि आडनावासकट. याला तो 'नाही' म्हणाला तर त्याच्या मनात काय आहे ते तुला कळेल.

कार्लॉफचं थोडं जास्त सांगते, कारण तुझ्यासारखा तोही वर्षानुवर्षं बिननावाचा होता. खरं नाव विल्यम हेन्री प्रॅट. वडील हिंदुस्थानात इंग्रजांच्या मिठाच्या खात्यात नोकरीला होते, म्हणजे आपल्याशी अगदीच नातं नाही असं नाही. 'फ्रँकेन्स्टाइन' मिळाला तेव्हा गडी चव्वेचाळिशीला टेकला होता आणि तोवर त्याची ढिगानं किरकोळ कामं झाली होती. काम नसेल तेव्हा ट्रक चालवायचा, खड्डे खणायचा. राक्षसाच्या मेकअपला रोज चार-चार तास खुर्चीत बसावं लागे, अंगावर जड कपडे, पायांत जड बूट, आणि दिवस संपता संपत नसे. या माणसानं पुढं काय केलं? १९३३ मध्ये तिथल्या नटांनी स्वतःची संघटना उभी केली, तेव्हा पहिल्या फळीत तो होता. कामाचे तास मोजले पाहिजेत हे भुताला लवकर कळलं, कारण ते मुखवट्याच्या आत बसून मोजत असतं.

आता आपल्याकडचा कायदा. हे जरा रुक्ष आहे, पण तुझ्या भाकरीचं आहे. २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि नटाला 'कलावंत' म्हणून काही हक्क मिळाले: ही भूमिका माझी आहे असं सांगण्याचा, आणि सिनेमातल्या कामाचा पुढे व्यापारी वापर झाला तर मोबदल्याचा. पण त्याच व्याख्येत एक पाचर आहे. सिनेमात ज्याचं काम किरकोळ स्वरूपाचं आहे आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव नामावलीत कुठेच येत नाही, त्याला जवळपास सगळ्या बाबतींत कायदा कलावंत मानत नाही. तू म्हणशील, ताई, मी तर अख्ख्या सिनेमाचं भूत आहे, माझं काम किरकोळ कसं? मलाही तसंच वाटतं. पण ते कोर्टात जाऊन पटवत बसायला ना तुझ्याकडे वेळ आहे ना पैसा. नाव छापून आलं की वादच मिटतो. यातून लगेच रॉयल्टीचा चेक घरी येईल असं मी म्हणत नाही. पण उद्या तो सिनेमा एखाद्या मोठ्या मंचानं विकत घेतला किंवा त्याचा रिमेक निघाला, तर तू रांगेत उभा तरी असशील. 'लपाछपी'सारखा छोटा मराठी भयपट हिंदीत 'छोरी' झाला की नाही?

पैशाचा हिशेब तू केलेला दिसत नाहीस, बिलिंगवाला असूनही. दोन लाख ऐकायला बरे वाटतात. तीन सिनेमे म्हणजे एकाला सहासष्ट हजार सहाशे सहासष्ट. एका सिनेमाच्या पंधरा रात्री धरल्या तर रात्रीला साडेचार हजारांच्या आत, आणि ती रात्र मेकअपच्या खुर्चीपासून धर, कॅमेरा सुरू झाल्यापासून नव्हे. दुसऱ्या बाजूनं बघ. दोन वर्षं तू बांधला गेलास. दोन लाख भागिले चोवीस, म्हणजे महिन्याला आठ हजार तीनशे तेहतीस रुपये. एवढ्यासाठी तू दुसऱ्या कुणाचा भयपट करायचा नाहीस, आणि हातातलं सगळं काम तर भयपटाचंच आहे. तिसरा सिनेमा निघालाच नाही तर? ते तुझ्या कागदावर आहे का? बहुधा नसेल. मालिकांच्या निर्मितीखात्यात मी बरीच वर्षं काढली, असले करार टेबलाच्या पलीकडच्या बाजूनं पाहिलेत. तीनचं पॅकेज लिहिताना निर्मात्याच्या मनात एकच सिनेमा पक्का असतो. उरलेले दोन आजचा भाव पुढच्या वर्षी द्यायला असतात.

म्हणून एका वेळी एक. त्याला बंधन हवंच असेल तर एवढंच द्यायचं: हे भूत, या नावाचं, या वेशातलं, मी दुसरीकडे करणार नाही. बाकी भुतं मोकळी. दुसरा सिनेमा निघाला तर पहिली विचारणा मला आणि भाव पहिल्यापेक्षा चढा, हे लिहून घे.

हप्ते कसे पाडायचे? सही करताना काही, शूटिंग निम्मं झालं की काही, आणि शेवटचा डबिंगच्या आधी, अशी लाइनमधली जुनी पद्धत तुला माहीतच असेल. डबिंग अडलं की निर्माता अडतो, म्हणून ती पद्धत. पण तुझं भूत बोलतं का? नुसतं गुरगुरत असेल तर हा धाक तुझ्या कामाचा नाही, कारण स्टुडिओतला कुणीही पोरगा माइकसमोर गुरगुरून जाईल. तुझा शेवटचा हप्ता शेवटच्या दिवशीच्या मेकअपच्या आधी खात्यात पडला पाहिजे. चेहरा रंगला की तू अडकलास, तोवर तो अडकलेला असतो. आणि जमलं तर आवाजही तूच देणार असं कलम घाल. मुखवट्याआड नटाचं जे थोडंफार उरतं त्यात आवाज सगळ्यात मोठा.

टीडीएस कापतील तो कापू दे, फक्त तो आयकर खात्याच्या पोर्टलवर तुझ्या पॅनपुढे दिसतोय का बघ. कापतात आणि भरत नाहीत, हा प्रकार नवा नाही. आणि करार पाचशेच्या स्टॅम्प पेपरवर. व्हॉट्सॲपवरच्या 'डन भाई'वर विसंबू नकोस, तो फार तर भांडताना दाखवायचा पुरावा.

एक गोष्ट तू विचारली नाहीस, पण तीच मला जास्त सतावते. प्रोस्थेटिक, म्हणजे चेहऱ्यावर चिकटवायचे नकली तुकडे, करताना तुझ्या चेहऱ्याचा साचा घेतील, किंवा हल्ली मोबाइलवर, संगणकावर चेहरा स्कॅन करतात. तो साचा नंतर कुठे जातो? कंपनीच्या फडताळात. त्यावरून पुढचे दहा मुखवटे निघू शकतात, स्कॅन असेल तर तुझ्याशिवाय तुझा चेहरा हलू शकतो. करारात एक ओळ घाल की साचा आणि स्कॅन याच सिनेमापुरता, दुसरीकडे वापरायचा तर माझी लेखी परवानगी आणि वेगळे पैसे. ही ओळ वाचून निर्माता हसेल आणि 'तू स्वतःला कोण समजतोस' म्हणेल. म्हणू दे, ओळ राहू दे.

आता पुरळ. हे अंगावर काढू नकोस. चिकटवायचा गोंद किंवा मुखवट्याचं लेटेक्स, म्हणजे रबर, दोहोंपैकी एक तुला सोसत नाही. कोणतं ते त्वचेच्या डॉक्टरकडून काढून घे, कारण लेटेक्सची ॲलर्जी काहींच्या बाबतीत वाढत जाते आणि श्वासापर्यंत पोचते. मेकअपदादाला आदल्या दिवशी कोपराच्या आतल्या बाजूला दोन्हींचे ठिपके लावून बघायला सांग, दुसऱ्या दिवशी कातडी लाल नसेल तरच पुढे. काढताना ओढून काढायचं नाही, त्याचं वेगळं द्रावण मिळतं. पहाटे पाच वाजता घाई झाली की हाताला येईल ते थिनर फिरवतात, ते मानेला लावून घ्यायचं नाही म्हणजे नाही. डोळ्यांत पांढऱ्या किंवा लाल लेन्स घालणार असतील तर त्या तुझ्याच मापाच्या, तुझ्याच डबीतल्या, आणि दोन शॉटच्या मध्ये काढता येतील अशा. दुसऱ्या नटाच्या डोळ्यांतून निघालेली लेन्स पुसून तुला देताना मी पाहिलं तर त्या माणसाला झोडपीन. करारात लिहून घे: ॲलर्जी होणार नाही असं साहित्य निर्मात्यानं द्यायचं. खर्च फार नसतो, इच्छा नसते.

हे सगळं एकट्यानं भांडून घ्यायचं नाही. सिंटाचा, म्हणजे सिने आणि टीव्ही कलावंतांच्या संघटनेचा, सभासद आहेस का? पत्रात उल्लेख नाही, म्हणजे नसशील. अंधेरीला कचेरी आहे, तुला दूर नाही. सभासद झाल्यावर करार सही करण्याआधी तिथे दाखवता येतो, पैसे थकले तर तक्रार लावता येते. वर्गणीचे पैसे पहिल्या सिनेमाच्या मानधनातून बाजूला काढ.

राहिले तुझे सर. गुरूबद्दल वाईट बोलायचं नाही म्हणून जपून लिहिते. त्यांना सदाशिव अमरापूरकर नक्की थोर वाटत असतील, सगळ्यांनाच वाटतात. 'अर्धसत्य' १९८३ चा. त्यातला रामा शेट्टी बघून सबंध देश हादरला, पुरस्कार मिळाला. आणि १९८४ च्या 'पुराना मंदिर'मध्ये हेच अमरापूरकर आहेत. त्यांनी हमाली केली म्हणायचं का? त्याच सिनेमात पुनीत इस्सर आहे. 'कुली'च्या सेटवर अमिताभला दुखापत झाली त्या मारामारीत समोर हाच होता, त्यानंतर त्याला काम द्यायला लोक कचरत होते. रॅमसेंनी दिलं. चार वर्षांनी तो 'महाभारत'चा दुर्योधन झाला. हीरो होता मोहनीश बहल, त्याला लोकांनी ओळखलं ते १९८९ च्या 'मैंने प्यार किया'नंतर. दिलीप प्रभावळकरांनी १९९३ मध्ये तात्या विंचू केला आणि २००६ मध्ये 'लगे रहो मुन्नाभाई'त गांधीजी. 'तुंबाड'मधली ती भयंकर आजी कुणी केली विचार सरांना. त्याच सिनेमात नायकाच्या मुलाचं, पांडुरंगचं काम करणाऱ्या मोहम्मद समदनं, शाळकरी वयात.

पण सरांच्या बोलण्यात एक दाणा आहे, तो फेकू नकोस. चार सिनेमांत तू भूत केलंस, त्यात चौथं भूत पहिल्यापेक्षा वेगळं होतं का? का मेकअपदादानं रंगवलं, दिग्दर्शक म्हणाला 'हात वर करून पुढे ये', आणि तू आलास? कार्लॉफचा राक्षस प्रथम उजेड बघतो तेव्हा हात वर करून तो पकडायला जातो, तान्ह्या मुलानं दिव्याकडे जावं तसा. मुखवटा कितीही जड असला तरी त्या हातांत नट दिसतो. तुझं पुढचं भूत कसं मेलं ते तुला माहीत आहे का? बुडून मेलेलं भूत आणि फासावर गेलेलं भूत एकाच चालीनं चालणार नाहीत. संहितेत लिहिलेलं नसेल तर तू ठरव, कुणाला सांगू नकोस, फक्त तसा चाल. एकांकिकांत बक्षिसं मिळवणाऱ्याला मी हे शिकवायला नको.

आणि मला विचारशील तर तुझ्या सहा सिनेमांत सगळ्यात मोलाचं काम ते वॉचमनचं आहे. चेहरा दिसतो, आवाज तुझा, भीती तुझी. घाबरवणाऱ्या भुताला मेकअप मदत करतो, घाबरणाऱ्याला कुणी मदत करत नाही. त्या दहा मिनिटांतली सव्वा मिनिटं काढ, शोरीलच्या, म्हणजे कामाचे तुकडे जोडून केलेल्या व्हिडिओच्या, सुरुवातीला लाव. मग भुताचा एक चांगला शॉट, आणि मधे मेकअपच्या खुर्चीतला मोबाइलवरचा तुकडा, अर्धा चेहरा तुझा आणि अर्धा भुताचा, म्हणजे बघणाऱ्याला आत कोण आहे ते कळेल. सगळं मिळून दोन मिनिटांच्या वर नको, आरामनगरात, म्हणजे जिथे ऑडिशन चालतात तिथे, कुणी त्यापुढे बघत नाही. खाली नाव, आडनाव, फोन. सहाही सिनेमांच्या यूट्यूबवाल्यांना फोन करून व्हिडिओखालच्या मजकुरात तुझं नाव घालायला सांग. फुकट होतं, दोन मिनिटांचं काम आहे, त्यातले दोघं तरी करतील.

निर्मात्याला आजच मेसेज टाकू नकोस, समोर बसून बोल, शक्यतो दुपारी, रात्रीच्या सेटवर नव्हे. एक सिनेमा, ऐंशी हजारांपासून बोलणं सुरू कर, सत्तरपर्यंत ये. नाव सुरुवातीला नसलं तरी चालेल, शेवटी हवंच. तो 'विचार करतो' म्हणाला तर पंधरा दिवस दे आणि तोवर दुसऱ्या ऑडिशन सोडू नकोस. 'नावाशिवाय दुसरे दहा जण करतील' म्हणाला तर चहा संपव, नमस्कार कर आणि पुढची लोकल पकडून मालाडला कामावर जा.